सत्तरची बेरीज

१९९९च्या मे महिन्यात मस्कतहून आलेल्या दादानं, म्हणजे माझ्या आतेभावानं, बॅगेतून आरपार दिसणारं एक जांभळं यंत्र काढलं आणि मिरजेच्या आमच्या घरातली माझी दुपारची झोप त्या सुट्टीपुरती संपली. गेम बॉय कलर. पाठीत दोन पेन्सिल सेल, पुढे आगपेटीएवढा पडदा. पडद्याला स्वतःचा उजेड नव्हता, त्यामुळे खेळायचं तर खिडकीशी बसायचं, ऊन खांद्यावरून नेमकं पडद्यावर येईल असं. दुपारी वीज गेली की घरातली मोठी माणसं वैतागायची. आमचं मात्र काही अडत नसे.

यंत्र नवं होतं, कार्ट्रिज जुनी होती. दादाकडे आधी विटेसारखा राखाडी गेम बॉय होता, त्यावरचेच हे खेळ. एक ‘सुपर मारिओ लँड’, १९८९चा. दुसरा ‘मेट्रॉइड २’, १९९१चा. त्या राखाडी गेम बॉयला चारच छटा ठाऊक होत्या, शेवाळी हिरव्यापासून काळपट हिरव्यापर्यंत. दादानं दोन्ही खेळ त्या चार छटांत इतक्यांदा खेळले होते, की पुढची उडी कुठे मारायची ते त्याचा अंगठाच सांगायचा.

त्यानं मारिओचं कार्ट्रिज जांभळ्या यंत्रात खोचलं आणि कळ सरकवली. टिंग असा आवाज झाला, नाव झळकलं, आणि दहा वर्षं जुन्या खेळातलं आकाश फिकट जांभळट निळं झालं. मग त्यानं मेट्रॉइड घातला. तिथे नायिका सेमसच्या अंगावर लाल-पिवळं चिलखत होतं.

दादा खेळायचा थांबला. यंत्र उन्हात तसंच धरून त्यानं विचारलं, “ह्याला कसं कळलं?”

मी म्हटलं, कार्ट्रिजमध्येच रंग भरून ठेवले असतील.

“अरे, हे एकोणनव्वदचं आहे. तेव्हा रंगीत गेम बॉय नव्हताच. भरणार कोण?”

त्याच्याजवळ तिसरं एक कार्ट्रिज होतं, दुसऱ्या कुठल्याशा कंपनीनं काढलेल्या खेळाचं. ते घातल्यावर हिरवट-निळसर जमीन आणि लालसर बाहुल्या दिसल्या. रंग होते, पण कुणाच्याही अंगात बसेल अशा तयार सदऱ्यासारखे. मारिओचे आणि सेमसचे रंग मापानं शिवलेले वाटत होते. म्हणजे हे यंत्र काही खेळांना नावानिशी ओळखत होतं आणि काहींना नव्हतं. आम्ही दोघं त्या सुट्टीत इथपर्यंत पोचलो आणि अडकलो. तेव्हा आम्हाला कल्पना नव्हती, की त्याच प्रश्नाशी जगभरातले कितीतरी जाणकार अडकून पडले होते आणि उत्तर बाहेर यायला अजून दहा वर्षं होती.

उत्तर कुठे लपलं होतं हे समजायला त्या राखाडी विटेपासून सुरुवात करावी लागते. क्योतोच्या निन्तेन्दो कंपनीत गुनपेई योकोई यांच्या विभागानं गेम बॉय घडवला आणि २१ एप्रिल १९८९ला तो जपानच्या दुकानांत आला. रंगीत पडदा तेव्हाही करता आला असता. त्याच वर्षीच्या अटारी लिंक्सला तो होता. पण रंगीत पडदा सेल फस्त करायचा. योकोईंचा विश्वास मुरलेल्या, स्वस्त झालेल्या तंत्रावर होता. ते घ्यावं आणि त्याचा कुणाला न सुचलेला उपयोग करावा, अशी त्यांची रीत. म्हणून चार छटा, चार सेल आणि प्रवासभर पुरणारा खेळ. पडद्यावर १६० आडवे आणि १४४ उभे ठिपके. प्रत्येक ठिपक्याला खेळ फक्त एवढंच सांगायचा: छटा पहिली, दुसरी, तिसरी किंवा चौथी.

रंगीत गेम बॉय आला २१ ऑक्टोबर १९९८ला. योकोई त्याआधी वर्षभर, ऑक्टोबर १९९७मध्ये, रस्त्यावरच्या अपघातात गेले होते. नव्या यंत्राला जुने खेळ चालवायचेच होते, कारण तोवर घराघरात त्यांचे ढीग झाले होते. म्हणून प्रोसेसर त्याच घराण्यातला ठेवला. सेकंदाला सुमारे ८४ लाख ठोके घेण्याची त्याची ताकद; पण जुना खेळ आला की तो गुमान जुन्या ४२ लाखांच्या चालीनं चालायचा. खेळाला कळतसुद्धा नसे, की आपण नव्या घरात आहोत. तो आपला पूर्वीसारखाच ‘छटा तिसरी’ म्हणत राही, आणि पडद्यामागे यंत्र त्या तिसऱ्या छटेच्या जागी विटकरी ठेवत असे, नाहीतर निळा.

हे रंग खेळ सुरू होण्याआधीच्या दोन-चार सेकंदांत ठरायचे. कळ सरकवल्यापासून नाव झळकेपर्यंतच्या त्या वेळात कार्ट्रिजमधलं काहीच चालू झालेलं नसतं. चालू असतो तो यंत्राच्या चिपमध्येच कोरलेला छोटा प्रोग्रॅम, बूट रॉम. त्याला देवडीवरचा पहारेकरी समजा. तो कार्ट्रिज तपासतो. कार्ट्रिजच्या सुरुवातीला ४८ बाइटांत निन्तेन्दोचं बोधचिन्ह असावं लागतं. ते स्वतःजवळच्या नमुन्याशी जुळवतो, जुळलं नाही तर यंत्र तिथेच थिजतं. जुन्या गेम बॉयमध्ये कार्ट्रिजच्या पट्ट्यांवर धूळ बसली की नावाच्या जागी काळा ठोकळा दिसायचा आणि पुढे काहीच हलायचं नाही, ते यामुळे. सगळं ठीक असलं तर पहारेकरी खेळाला आत सोडतो.

आणि मग स्वतः नाहीसा होतो. मला या सगळ्या गोष्टीतला सर्वांत देखणा भाग हाच वाटतो. राखाडी गेम बॉयचा बूट रॉम अवघ्या २५६ बाइटांचा आहे. त्यातल्या शेवटच्या दोन बाइटांत एकच सूचना आहे: अमुक ठिकाणी १ लिही. ते लिहिताक्षणी बूट रॉम प्रोसेसरच्या नजरेआड होतो आणि त्याच्या पत्त्यावर कार्ट्रिजची स्मृती येते. पुढचं पाऊल पडतं ते थेट खेळाच्या उंबरठ्यावर. मागे वळून पाहावं तर देवडीच जागेवर नाही. यंत्र बंद करून पुन्हा चालू करेपर्यंत ती परत येत नाही, आणि परत आली की पुन्हा पहिल्यापासून तेच.

म्हणजे कार्ट्रिजमधून चालणारा कुठलाही प्रोग्रॅम ती देवडी वाचू शकत नव्हता. वाचायला जावं तोवर ती गेलेली असायची. गेम बॉयचे खेळ संगणकावर चालवू पाहणाऱ्या एम्युलेटरकारांना यंत्राचा बहुतेक कानाकोपरा हळूहळू कळत गेला, पण या दाराशी ते थबकायचे. बूट रॉम नाहीच असं धरून ते खेळ थेट उंबरठ्यापासून सुरू करत. खेळ चालायचा. पण जुन्या खेळांना नव्या यंत्रानं दिलेले रंग? ते पडद्याकडे बघून, अंदाजानं.

पहिलं दार उघडलं २००३मध्ये. नेव्हिक्स्टी या टोपणनावानं ओळखल्या जाणाऱ्या एका हौशी अभ्यासकानं राखाडी गेम बॉयच्या चिपवरचं आवरण काढलं आणि आतली नक्षी सूक्ष्मदर्शकाखाली धरली. प्रोसेसरच्या डोळ्यांपुढून बूट रॉम नाहीसा होत असला, तरी सिलिकॉनवर तो कोरलेलाच होता. एकेक बिट म्हणजे नक्षीतला एकेक ठिपका, शून्य किंवा एक. एका बाइटात आठ बिट, म्हणून २५६ बाइट म्हणजे २,०४८ ठिपके. ते त्यानं नजरेनं वाचून काढले. आपल्याकडे झिजलेला शिलालेख ठसा घेऊन अक्षर अक्षर लावणारी माणसं असतात. त्यांच्याच कुळातलं हे काम. एखादा ठिपका चुकला तर सगळा अर्थ फिरणार. अर्थ लागला. वरून खाली सरकणारं नाव, टिंग, ४८ बाइटांची तपासणी आणि शेवटची स्वतःला मिटवणारी सूचना, सगळं त्या २५६ बाइटांत होतं.

पण दादाच्या प्रश्नाचं उत्तर त्यात नव्हतं. ते रंगीत गेम बॉयच्या देवडीत होतं, आणि ती आठपट मोठी, २,०४८ बाइटांची. ठिपके सोळा हजारांवर. त्या देवडीच्या बांधणीत एक गंमतही आहे. मध्येच २५६ बाइटांची खिडकी मोकळी सोडली आहे, आणि त्या खिडकीतून पहारेकऱ्याला कार्ट्रिजवरची माहिती, म्हणजे खेळाचं नाव, कंपनीचा क्रमांक, बोधचिन्ह, हे सारं दिसत राहतं. दाराशी उभं राहून तो येणाऱ्याचा चेहरा न्याहाळतो तो याच खिडकीतून.

ही देवडी २००९मध्ये उघडली. कॉस्टिस या नावानं परिचित असलेल्या अभ्यासकानं प्रोसेसरच्या घड्याळाशी आणि वीजपुरवठ्याशी खेळ मांडला. प्रोसेसर ठोक्यावर चालतो. दोन ठोक्यांच्या मधल्या वेळात त्याला सूचना वाचून, पार पाडून, पुढच्या पावलाची तयारी करायची असते. ठोके नको तेव्हा बिघडवले, विजेचा दाब भलत्या क्षणी ढळवला, की त्याची तारांबळ उडते. सूचना अर्धवट वाचली जाते, पाऊल भलतीकडे पडतं. बहुतेक वेळा यंत्र नुसतं कोलमडतं. पण पहारेकरी अजून देवडीत असताना, शेवटचं १ लिहिलं जायच्या आधी, प्रोसेसर भरकटला आणि कार्ट्रिजमधल्या आपल्या प्रोग्रॅमवर येऊन पडला, तर खेळ आत आलेला असतो आणि देवडी अजून मिटलेली नसते. मग ती वाचता येते, पहिल्या बाइटपासून शेवटच्या बाइटपर्यंत.

अशा कामात किती वेळा अपयश पचवावं लागत असेल, हे ज्यानं घरी रेडिओ जरी दुरुस्त करून पाहिला असेल त्याला कळेल. यश आलं, आणि अकरा वर्षं बंद असलेली ती २,०४८ बाइटांची देवडी जगापुढे आली.

मी ती पाहिली त्यानंतर काही वर्षांनी. कुणीतरी तिच्यातली सूचना न् सूचना उलगडून, शेजारी टिपा लिहून ठेवली होती. मी रात्री जेवणं आटोपल्यावर बसलो आणि वाचता वाचता रंगांच्या भागाशी आलो.

पहारेकरी आधी कंपनी पाहतो. खेळावर निन्तेन्दोचा क्रमांक, ०१, नसेल तर पुढची चौकशीच नाही; ठरलेला हिरवट-निळसर आणि लालसर रंगांचा जोड द्यायचा. दादाच्या तिसऱ्या कार्ट्रिजला मिळाला होता तो. क्रमांक ०१ असेल तर खेळाचं नाव घ्यायचं. नावाला सोळा बाइटांची जागा असते आणि संगणकाच्या लेखी प्रत्येक इंग्रजी अक्षराचा एक आकडा असतो. ए म्हणजे ६५, बी ६६, असं पुढे. सगळ्या अक्षरांची बेरीज करायची. बेरीज एका बाइटात मावायला हवी, म्हणून २५६च्या पटी वजा करून उरेल ते ठेवायचं. मग तो आकडा स्वतःजवळच्या यादीत शोधायचा आणि त्याच्यापुढे लिहिलेले रंग द्यायचे. अक्षरांना आकडे देऊन काम साधण्याची युक्ती आपल्याला परकी नाही. कटपयादी पद्धतीत तेच आहे, आणि कर्नाटक संगीतातल्या मेळकर्ता रागांच्या नावांत त्यांचे क्रमांक त्याच रीतीनं दडवलेले आहेत.

मी कागद ओढला. आधी टेट्रिस: ८४, ६९, ८४, ८२, ७३, ८३. बेरीज ४७५, २५६ गेले, उरले २१९. उलगडलेल्या यादीत २१९ होता. मग पोकेमॉन रेड: ७८८, उरले २०. तोही होता, आणि त्याच्यापुढे लाल रंगांचा जोड. या खेळाची निळी आवृत्तीही आहे. तिची बेरीज ८६५, उरले ९७, आणि रंग निळे.

मग मी मारिओकडे वळलो. कार्ट्रिजमध्ये नाव ‘सुपर मारिओलँड’ असं आहे, सुपरनंतर मोकळी जागा, मारिओ आणि लँड मात्र जोडून. एस ८३, यू ८५, पी ८०, ई ६९, आर ८२, म्हणजे ३९९. मोकळ्या जागेचाही आकडा असतो, ३२. मारिओचे ३७६, लँडचे २८७. एकूण १,०९४. चार वेळा २५६ वजा केले. उरले ७०.

मेट्रॉइड. एम ७७, ई ६९, टी ८४, आर ८२, ओ ७९, आय ७३, डी ६८ आणि शेवटी दोनचा अंक, त्याचे ५०. एकूण ५८२. दोन वेळा २५६ वजा केले.

उरले ७०.

मी बेरीज पुन्हा केली. पुन्हा ७०. दादानं मिरजेच्या खिडकीत एकापाठोपाठ एक घातलेली ती दोन कार्ट्रिज, दोन्हींचा निर्माता योकोई, एकाच विभागातून दोन वर्षांच्या अंतरानं जन्मलेली भावंडं, आणि पहारेकऱ्याच्या हिशेबी दोघांचा आकडा एकच. मग एकाला जांभळट आकाश आणि दुसऱ्याला लाल-पिवळं चिलखत मिळालं कसं?

यादीच्या तळाशी त्याचं उत्तर होतं. नावं असंख्य असू शकतात आणि उरणारे आकडे २५६च, तेव्हा टक्कर व्हायचीच. ज्या आकड्यांवर टक्कर होते ते यंत्र घडवणाऱ्यांनी यादीच्या शेवटी वेगळे काढले होते. पहारेकरी त्या भागात पोचला, की तो पुन्हा खिडकीतून पाहतो आणि नावाचं चौथं अक्षर विचारतो. सुपरचं चौथं अक्षर ई. मेट्रॉइडचं चौथं अक्षर आर. सत्तरच्या पुढे त्यानं दोन्ही अक्षरं टिपून ठेवली होती, प्रत्येकापुढे आपापले रंग.

मला त्या कागदाकडे पाहून जे वाटलं ते सांगायला हवं. नव्या यंत्रात जुने खेळ नुसते चालले असते तरी गिऱ्हाईक खूश होतं. चार छटांच्या जागी सगळ्यांना एकच रंगजोड दिला असता तरी कुणी तक्रार केली नसती. पण कुणीतरी नव्वदेक जुने खेळ एकेक करून पुढ्यात घेतले. जमिनीला चार रंग, बाहुल्यांना दोन संच, प्रत्येकी तीन रंगांचे, म्हणजे एका खेळाला फार तर दहा. त्या दहांत मारिओचं आकाश कसं दिसावं, सेमसचं चिलखत कसं दिसावं, हे ठरवलं. दोघांचा आकडा एक येतोय हे पाहिलं आणि चौथ्या अक्षराची तोड काढली. आणि हे सगळं अशा जागी लिहिलं, जी खेळ सुरू होण्याआधी स्वतःला मिटवून घेते. वाचायला कुणी येईल अशी अपेक्षा नसताना केलेलं काम आहे ते. त्या माणसांची नावं त्या बाइटांत कुठे नाहीत. मला ती वाचायला मिळाली असती तर फार बरं झालं असतं.

खेळांची नावंही त्यात नाहीत. यादीत आहेत फक्त बेरजा आणि टक्करीच्या जागी ती चौथी अक्षरं. सत्तरवरून मारिओकडे परत जाता येत नाही, जसं विरघळलेल्या खड्यावरून त्याचा आकार सांगता येत नाही. म्हणून देवडी उघडल्यावर हौशी लोकांना उलट काम करावं लागलं: ज्ञात खेळांच्या नावांच्या बेरजा करत जायचं आणि कोणती कुठे बसते ते पाहायचं. मी त्या रात्री पाच केल्या. इतरांनी शेकड्यांनी केल्या असतील.

ती देवडी पुढच्या यंत्रातही गेली. २००१च्या गेम बॉय ॲडव्हान्समध्ये नवा प्रोसेसर होता, पण जुन्या कार्ट्रिजसाठी जुन्या घराण्यातला प्रोसेसरही आत ठेवलेला होता. कोणतं कार्ट्रिज खोचलंय हे कार्ट्रिजच्या आकारावरून एका छोट्या खटक्याला कळायचं. तिथल्या बूट रॉममध्ये एक बारीकशी भर होती: एका जागेतला आकडा एकानं वाढवायचा. ती खूण पाहून खेळाला कळे, की आपण ॲडव्हान्सवर आहोत. २००२च्या ‘शांते’ या खेळानं ती पाहून आपले रंग उजळ करून घेतले, कारण त्या यंत्राचा पडदा काळोखा होता. २००४च्या निन्तेन्दो डीएसमध्ये ॲडव्हान्सचे खेळ चालले, पण गेम बॉयच्या कार्ट्रिजला जागा उरली नाही. पुढच्या यंत्रांवर हे जुने खेळ आले ते उतरवून घ्यायच्या रूपात, कार्ट्रिजशिवाय.

कागद समोर असतानाच मी दादाला फोन लावला. मस्कतमध्ये आपल्यापेक्षा दीड तास मागे, त्यामुळे तो जागा होता. मी त्याला १,०९४ आणि ५८२ सांगितले, दोन्ही सत्तरवर येतात म्हणालो, आणि चौथ्या अक्षराची गोष्ट सांगितली. तो मध्ये काही बोलला नाही. मग त्यानं मला थांबायला सांगितलं. कपाट उघडल्याचा आवाज आला, प्लॅस्टिकचे डबे खाली काढल्याचा आवाज आला. वहिनींनी पलीकडून काय शोधताय म्हणून विचारलं.

“सेल आहेत का गं घरात, पेन्सिलचे?” दादानं विचारलं. “दोन पाहिजेत.”

बराच वेळ नुसती खुडबूड ऐकू येत होती. मग टिंग झालं.